पंधरा रुपयांची तारामती

दसऱ्याला हिंगोलीला गेलो नाही, अशी वर्षे माझ्या आयुष्यात फार थोडी. पुण्यात बिऱ्हाड थाटून चाळीस वर्षे होऊन गेली, मुले-नातवंडे पक्की पुणेरी झाली, पण आश्विन लागला की माझे पाय आपोआप मराठवाड्याच्या गाडीकडे वळतात. "एवढे काय आहे हो तुमच्या हिंगोलीच्या दसऱ्यात?" असे आमची सौ. दरवर्षी विचारते आणि दरवर्षी माझ्याआधी पिशवी भरून तयार असते. काय नाही? रामलीला मैदानावरचे प्रदर्शन आहे, पाळणे आहेत, रामलीला आहे आणि शेवटच्या दिवशी रावणाचे दहन आहे. म्हैसूरच्या खालोखाल दसरा कुठला, तर आमचा, असे हिंगोलीकर छाती काढून सांगतात. म्हैसूरकरांना कोणी विचारलेले नाही, म्हणून आपण ते खरेच धरून चालायचे.

यंदाही गेलो. दसऱ्याच्या दुपारी जेवणे आटोपून सारी मंडळी ओसरीवर कलंडली होती. रावण जळायला अजून चारपाच तासांचा अवकाश होता. माझी नात कॉलेजात जाते आणि तिला जुन्या सिनेमांचा नाद आहे. ती म्हणाली, "आजोबा, संध्याकाळी रावण बघायचाच आहे, तोवर शंभर वर्षांपूर्वीची सीता दाखवू?" आणि तिने मोबाईल पुढे केला.

दादासाहेब फाळक्यांच्या 'लंकादहन' चित्रपटाचा तो तुकडा होता. १९१७ सालचा. सबंध चित्रपट काही आता राहिलेला नाही, उरलेला थोडासा भाग पाहायला मिळतो. अशोकवनात झाडाखाली सीता बसली आहे आणि वर फांदीवर शेपटीवाले मारुतिराय. आवाज नाही, चित्र थरथरते आहे. आम्ही सहासात डोकी त्या वीतभर काचेवर वाकलो, आणि सीतामाईने हात जरा वर केला मात्र, माझा धाकटा पुतण्या फस्सकन हसला. "अरे, दंड बघा सीतेचे! ही लंकेतून स्वतःच चालत परत येईल की, राम कशाला पाहिजे!" मग काय, सगळेच हसू लागले. नात म्हणाली, "तो पुरुष आहे, काका. अण्णा साळुंके. आणि गंमत म्हणजे याच चित्रपटात रामही तोच आहे." हसण्याचा दुसरा लोंढा आला. खोटे कशाला सांगू, मीही हसलो. डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसलो.

हसले नाहीत ते एकटे आमचे धाकटे काका. काका आता नव्वदीला आले. कोपऱ्यात आरामखुर्चीत पाय वर घेऊन बसले होते. त्यांनी हात पुढे करून मोबाईल मागून घेतला, चष्मा कपाळावर सारला, पुष्कळ वेळ पाहिले आणि विचारले,

"मिशा होत्या का रे याला?"

आता या प्रश्नाला आमच्यापैकी कोणाकडे उत्तर होते? काकाच पुढे म्हणाले, "हसताय कामून? मिशा काढून घरी गेला असंल, तेव्हा काय झालं असंल बिचाऱ्याचं?"

ओसरीवर एकदम शांत झाले. थोरल्या मंडळींना काकांची हकिकत ठाऊक होती. धाकट्यांसाठी आणि तुमच्यासाठी ती सांगितली पाहिजे.

गोष्ट १९५७ सालची. हिंगोली तेव्हा परभणी जिल्ह्यातले तालुक्याचे गाव. स्वतंत्र जिल्हा झाला तो पुष्कळ पुढे, १९९९ साली. गणेशोत्सवात गावातल्या हौशी मंडळींनी 'एकच प्याला' बसवले. सुधाकर मिळाला, तळीराम तर पाहिजे तितके मिळाले, पण सिंधू कोण होणार? गावात एकही बाई रंगमंचावर उभी राहायला तयार नव्हती, आणि एखादी झाली असती तर तिच्या घरच्यांनी तिला उभी राहू दिली नसती. काका बावीस वर्षांचे, अंगाने शिडशिडीत, आवाज मृदू. सगळ्यांनी गळ घातली. काका तयार झाले. तालमी मिशांसकट पार पडल्या. प्रयोगाच्या दिवशी दुपारी काका न्हाव्याकडे गेले आणि मिशा उतरवून गल्लीतून घराकडे निघाले.

आमच्याकडे बाप जिवंत असताना मुलाने मिशी काढायची नसते. काढली म्हणजे काय झाले, हे जो तो समजतो. वाटेत एका शेजाऱ्यांनी काकांना पाहिले. ते बिचारे सज्जन. पोराला रस्त्यात काय विचारायचे म्हणून गप्प राहिले, घरी जाऊन टोपी घातली आणि तडक आमच्याकडे समाचाराला आले. दारात पाऊल टाकले तो समोर आजोबा पानाचा डबा उघडून सुपारी कातरत बसलेले! शेजाऱ्यांच्या तोंडून शब्द फुटेना. आजोबा म्हणाले, "या, या, पान घ्या." तेवढ्यात मागून काका आत शिरले, आणि आजोबांना सगळा उलगडा झाला.

ऐकायला ही विनोदी गोष्ट आहे आणि आमच्या घरात ती पन्नास वर्षे विनोदी म्हणूनच सांगितली गेली. पण त्या रात्री काकांनी सिंधू केली तेव्हा आजोबा नाटकाला गेले नाहीत, आणि मिशा पुरत्या फुटेपर्यंत मुलाशी बोलले नाहीत. जेवायला सुद्धा वेगळे बसत. हा भाग आम्ही कधी सांगत नसू.

तर काकांचा प्रश्न असा होता. आणि वाचकहो, नवल पाहा, त्याचे उत्तर पुस्तकांत सापडते. पुण्याला परतल्यावर मी त्या अण्णा साळुंक्यांच्या मागेच लागलो. चित्रपटसृष्टीच्या जाड जाड इतिहासांत या गृहस्थाच्या वाट्याला दोनचार ओळींहून अधिक जागा येत नाही. पण त्या ओळी इकडून तिकडून गोळा केल्या तर एक माणूस उभा राहतो खरा.

१९१२ साल. दादासाहेब फाळके विलायतेहून कॅमेरा घेऊन आले होते आणि दादरला त्यांनी चित्रपट काढण्याचा कारखानाच घातला होता. विषय ठरला, राजा हरिश्चंद्र. राजा मिळाला, दत्तात्रय दामोदर दाबके. विश्वामित्र मिळाले, गजानन साने. रोहिदासासाठी कोणी आपले पोर देईना, म्हणून दादासाहेबांनी आपलाच मुलगा भालचंद्र उभा केला. गाडे अडले ते तारामतीपाशी. वर्तमानपत्रांत जाहिराती दिल्या, उपयोग झाला नाही. मग दादासाहेबांनी ज्या वस्तीत पांढरपेशा माणूस दिवसाढवळ्या जात नाही त्या वस्तीचे उंबरे झिजवले. तिथल्या बायकांनीही नकार दिला. ही गोष्ट मला फार बोलकी वाटते. ज्यांना समाजाने वाळीत टाकले होते, त्यांनासुद्धा सिनेमात तोंड दाखवणे कमीपणाचे वाटत होते. एकजण कशीबशी तयार झाली, चार दिवस तालीमही झाली, तर तिचा धनी येऊन तिला घेऊन गेला, असे सांगतात.

दादासाहेब ग्रँट रोडवरच्या एका हॉटेलात चहाला जात असत. तिथे स्वयंपाक करणारा एक सडपातळ तरुण त्यांच्या नजरेस पडला. नाजूक बोटे, चालण्या-वागण्यात एक मार्दव. दादासाहेबांनी विचारले, इथे काय मिळते? महिन्याला १० रुपये. मी १५ देतो, चल. भारताच्या पहिल्या पूर्ण लांबीच्या चित्रपटाची नायिका ही अशी ठरली, महिना ५ रुपयांच्या वाढीवर. ती जागा मुदपाकखान्यातून भरली गेली हे आपण हसत हसत सांगतो खरे, पण त्या काळी ५ रुपये ही हसण्यावारी नेण्याची रक्कम नव्हती, आणि १० रुपयांच्या माणसाला तर नव्हतीच नव्हती.

आता मिशांचे. स्त्रीभूमिकांसाठी जे पुरुष घेतले ते मिशा काढायला तयार होईनात, असे फाळक्यांच्या हकिकतींत येते. कारण तेच, बाप हयात आहे. दादासाहेबांना या मंडळींची आणि त्यांच्या घरच्यांची समजूत घालावी लागली. म्हणजे हिंगोलीत १९५७ साली जे घडले तेच दादरला १९१२ साली घडून गेले होते. मी काकांना फोन करून हे सांगितले. ते एवढेच म्हणाले, "मंग? म्हणलं होतं ना मी."

आणखी एक गंमत त्याच हकिकतींत आहे. सिनेमात काम करतो म्हणून सांगण्याची चोरी. कोण कुठे नोकरीला आहे असे विचारले, तर नटांनी 'हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत' असे सांगावे, अशी दादासाहेबांची सूचना असे. फॅक्टरीत नोकरी म्हणजे अब्रूची नोकरी. परेश मोकाशींनी २००९ साली काढलेल्या चित्रपटाचे 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' हे नाव यावरूनच आले. आपल्यापैकी पुष्कळांनी साळुंक्यांना पाहिले असेल ते त्यात, आणि तेही दुसऱ्याच नटाच्या रूपात.

'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी मुंबईला सँडहर्स्ट रोडवरच्या कॉरोनेशन थिएटरात लागला. त्याची जी काही रिळे शिल्लक आहेत ती पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने जपून ठेवली. (ती १९१३ची की दादासाहेबांनी १९१७ साली पुन्हा काढलेल्या चित्रपटाची, यावर जाणकार भांडत असतात. आपण त्यात न पडलेले बरे.) त्यांत एक प्रसंग आहे. राणी आणि तिच्या सख्या पाण्यात खेळत आहेत, ओल्या लुगड्यांत. सगळ्याच्या सगळ्या सख्या पुरुष. ओले लुगडे सावरत, कॅमेऱ्यासमोर, लख्ख उजेडात! काकांनी सिंधू केली ती पेट्रोमॅक्सच्या प्रकाशात, पंचवीस हातांवर प्रेक्षक बसलेले, आणि मध्ये धूर. अंतर आणि अंधार पुष्कळ काही झाकतात. साळुंक्यांना ती सोय नव्हती. त्या काळी चित्रण उन्हातच चाले, कारण दिव्यांवर भागेल असे सामानच नव्हते. शिवाय तेव्हाच्या फिल्मला लाल रंग दिसत नसे. लाल ते काळे उमटे. कपाळावरचे कुंकू काळे, ओठ काळे, उन्हाने रापलेली कातडी आणखी रापलेली. अशा काचेतून बाई दिसायचे होते.

याच १९१३ साली इकडे रंगभूमीवर बालगंधर्व किर्लोस्कर मंडळीतून बाहेर पडून स्वतःची गंधर्व नाटक मंडळी काढत होते. पुण्या-मुंबईच्या घरंदाज बायका त्यांच्यासारखी साडी नेसायला शिकत होत्या. मी काही साळुंक्यांना बालगंधर्वांच्या पंक्तीला बसवत नाही, मला तेवढी अक्कल आहे. पण एक गोष्ट ध्यानात घ्यावी. नाटकातल्या स्त्रीपार्टी नटाचे निम्मे भांडवल गळ्यात असे. गाणे सुरू झाले की प्रेक्षक दंड विसरत, खांदे विसरत, सगळे विसरत. मूकपटात गळा नाही, संवाद नाही, गद्य नाही की पद्य नाही. नाटक कंपनीत मुरलेला अनुभव नाही. हातात आहे फक्त मान, डोळे, बोटे आणि पदर. एवढ्या शिदोरीवर एका स्वयंपाक्याने तारामती उभी केली. कशी केली याची चर्चा कोणी करत नाही. पुरुषाने केली, एवढेच सांगून पुस्तके पुढे जातात.

त्याच सुमारास दूर इटलीत असेच एक भाग्य उघडले होते. 'काबिरिया' नावाचा एक प्रचंड चित्रपट तिथे १९१४ साली आला. त्यात माचिस्ते नावाच्या बलदंड गुलामाचे काम होते. दिग्दर्शक पास्त्रोने यांना मनासारखा नट मिळेना, तेव्हा जेनोआच्या बंदरावर माल वाहणारा बार्तोलोमेओ पागानो नावाचा धिप्पाड हमाल त्यांनी उचलला. त्याच्या अंगाला काळा रंग फासला आणि त्याला कॅमेऱ्यापुढे उभे केले. लोक त्याच्यावर असे खूष झाले की पुढची दहाबारा वर्षे माचिस्तेचेच चित्रपट निघत राहिले. हमाल पागानो इटलीचा लाडका नायक झाला. तो बंदरावरून, आपला हॉटेलातून. पण पागानोला त्याच्या दंडांनी मोठे केले, आणि साळुंक्यांचे दंड हा मात्र शंभर वर्षे थट्टेचा विषय झाला! नशीब म्हणतात ते यालाच.

थट्टा आपण करतो. १९१७च्या प्रेक्षकांनी केली नाही, हे सांगितले पाहिजे. 'लंकादहन' मुंबईला गिरगावात वेस्ट एंड थिएटरात लागला. पडद्यावर राम दिसला की लोक पायांतल्या वहाणा काढून ठेवत, असे जुने लोक लिहून गेले आहेत. मद्रासला तर जमलेली नाणी बैलगाडीत घालून पोलिसांच्या पहाऱ्यात न्यावी लागली म्हणतात. सीतेच्या शोकाने बायका डोळ्यांना पदर लावत आणि रामाच्या दर्शनाने पुरुष हात जोडत. दोन्हीकडे तोच ग्रँट रोडवरचा माणूस! भारतीय पडद्यावरची पहिली दुहेरी भूमिका असा तिचा उल्लेख होतो. आता दोघांना एका चौकटीत दाखवण्याची करामत किती साधली असेल ती असो. पण लंकादहनाच्या कथेत राम समुद्राच्या अलीकडे आणि सीता पलीकडे. एकाच माणसाकडून दोन्ही कामे करवून घ्यायला याहून सोयीची कथा दादासाहेबांना सापडली नसती, असे मला आपले वाटते. विरहाचा असाही उपयोग असतो.

आणि या वेळेपर्यंत सिनेमात बाई आलेली होती बरे का! दादासाहेबांच्याच 'मोहिनी भस्मासुर' या 'हरिश्चंद्रा'मागोमाग निघालेल्या चित्रपटात दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या होत्या आणि त्यांची मुलगी कमला मोहिनी. त्याच पुढच्या कमलाबाई गोखले, चंद्रकांत गोखल्यांच्या आई आणि विक्रम गोखल्यांच्या आजी. तरी चार वर्षांनी सीतेसाठी पुन्हा साळुंकेच. एक दार किलकिले झाले म्हणजे वाडा उघडला असे होत नाही. आणि म्हणूनच, बाई मिळाली नाही म्हणून पुरुष घेतला, एवढ्यावर हा हिशेब मिटत नाही. प्रेक्षकांना या माणसाची सीता हवीशी वाटली, हेही त्यात जमेस धरायला हवे.

पण माझ्या मनात भरला तो साळुंक्यांचा पुढचा भाग, जो कोणीच रंगवून सांगत नाही. हे गृहस्थ लुगडे सोडून कॅमेऱ्याच्या मागे गेले! दादासाहेबांच्या कारखान्यात कोणी एकच काम करायचे अशी चैन नव्हती. सरस्वतीबाई फाळके घरच्या एवढ्या माणसांचा स्वयंपाक करून रात्री फिल्म धुवायला बसत. 'हरिश्चंद्रा'चा कॅमेरा त्र्यंबक तेलंगांनी चालवला होता. अशा घरात राहून साळुंक्यांनी डोळे उघडे ठेवले असणार. १९२२ सालच्या 'सत्यनारायण' या चित्रपटाचे आणि १९२३ सालच्या 'बुद्धदेव'चे छायाचित्रण त्यांच्या नावावर आहे. त्यानंतर त्यांनी तोंडाला रंग लावणे सोडलेच. अठरा वर्षांच्या कारकिर्दीत त्यांनी काम केले ते अवघ्या पाच चित्रपटांत, आणि कॅमेरा चालवला तो तीसाच्या वर चित्रपटांना! म्हणजे या माणसाचा खरा धंदा छायाचित्रकाराचा. आपण त्याला ओळखतो ते उमेदवारीच्या दिवसांतल्या वेषावरून.

तेव्हाचा कॅमेरा हाताने फिरवावा लागे. दांडा सेकंदाला दोन फेरे, ना कमी ना जास्त. फेरा मंदावला की पडद्यावरची माणसे तुरुतुरु पळू लागतात, वाढला की ती पाण्यात चालल्यासारखी रेंगाळतात. समोर लढाई होवो, कोणी आकाशातून उतरो, दांडा फिरवणाऱ्याचा हात हलता कामा नये. सौ. हे ऐकून म्हणाली, "त्यात काय, खिरीचा चमचा फिरवावा तसे. एकदा हात थांबला की बुडाला लागते." इतिहासकारांना जे सुचले नाही ते स्वयंपाकघरात सुचते ते असे. दहा रुपयांच्या नोकरीत अण्णांच्या हाताला जी लय लागली असेल ती अशी कामी आली असे म्हणायला मला पुरावा नको.

आणि इथे मला पुन्हा काका आठवले. सिंधूनंतर काकांनी दोन वर्षे आणखी स्त्रीभूमिका केल्या. मग आवाज बसला, अंगही भरले. पण नाटकाची खाज गेली नाही. घरात न सांगता काका एका तंबूतल्या सिनेमाबरोबर निघून गेले. औंढ्या नागनाथाची शिवरात्रीची जत्रा, मग आणखी कुठली जत्रा, असे पाचसहा हंगाम ते मशीन चालवत गावोगाव हिंडले. "पडद्यावर कोण रडायलंय, कोण गायलंय ते मला म्हाईतच नसायचं," काका सांगतात. "माझं ध्यान कार्बनच्या कांड्यांवर. दोन कांड्यांमधलं अंतर वाढलं की पडदा अंधारा, आन लोक लागले शिट्ट्या मारायला." एकदा रीळ तुटून पेटले तेव्हा काकांनी अंगावरचे धोतर फेडून त्याने विझवले. त्याचा डाग मनगटावर अजून आहे. घरातल्या लोकांना मात्र मिशांचीच गोष्ट आठवते, मनगटाची नाही. मलाही आठवत नव्हती.

१९३१ साली १४ मार्चला मुंबईच्या मॅजेस्टिक थिएटरात 'आलम आरा' लागला आणि पडदा बोलू लागला. साळुंक्यांची कारकीर्दही त्याच वर्षापाशी थांबते. मूकपटाबरोबर आला, मूकपटाबरोबर गेला, असा हा माणूस. पुढच्याच वर्षी प्रभातने शांताराम बापूंच्या दिग्दर्शनाखाली 'अयोध्येचा राजा' काढला. कथा तीच, हरिश्चंद्राची. राजा झाले गोविंदराव टेंबे, आणि तारामती झाल्या दुर्गाबाई खोटे, एका सुशिक्षित, प्रतिष्ठित घरातल्या. लोकांनी त्याही वेळी नाके मुरडली, पण तारामती आता बाई होती आणि ती स्वतःच्या गळ्याने बोलत होती. ग्रँट रोडच्या हॉटेलापासून इथवर यायला एकोणीस वर्षे लागली.

हे सगळे मी पुण्याला आल्यावर वाचले. त्या दिवशी ओसरीवर यातले मला काहीच ठाऊक नव्हते, म्हणून तो दिवस कसा संपला तेवढे सांगतो.

संध्याकाळ झाली. पोरे रावण बघायला जायची घाई करू लागली. काकांचे गुडघे आता मैदानापर्यंत जाऊ देत नाहीत. ते म्हणाले, "जा तुम्ही. ते मोबाईलातलं तेवढं पुन्हा लावून देऊन जा." नातीने लावून दिले आणि तिथेच पायरीवर बसली. काकांनी पुन्हा चष्मा कपाळावर सारला.

"पदर बघ त्याचा," काका तिला म्हणाले. "खांद्यावरून असा घट्ट घेतला नं, की हात झाकला जातो अर्धा. पण मान वळवायची तर तो ढिला पायजे. आन ढिला सोडला की हात दिसतो. मंग तुम्ही लोक हसता."

"मग काय करायचं, आबा?" नातीने विचारले.

काकांनी खुर्चीच्या पाठीवरचे उपरणे ओढले. एक टोक खांद्यावर घेतले, दुसरे बोटांत धरले, अंगठा आत दुमडून. मग मान थोडी खाली घातली आणि हनुवटी खांद्याकडे वळवली. नव्वद वर्षांचा माणूस, खुर्चीत बसल्या बसल्या. पुतण्या चपला घालत होता, तो तसाच एका पायात चप्पल घालून उभा राहिला. कोणी हसले नाही. नात मोबाईल उचलून काकांचे चित्र घेऊ लागली, तसे काका म्हणाले, "थांब, उजेडाकडं तोंड करू दे," आणि त्यांनी स्वतःच खुर्ची दाराकडे वळवली.

मैदानावरून फटाक्यांचा आवाज ऐकू येऊ लागला, रावण पेटला असावा. आम्ही अजून ओसरीवरच होतो.